पश्चिम आशियावरचे पुस्तक निवडताना आधी साल पाहा

मा. संपादक,

सप्रेम नमस्कार.

अरब-ज्यू संघर्षावर येणाऱ्या वाचकपत्रांत मते ठाम असतात, आकडेही पुष्कळ असतात. आधार मात्र बहुतेकदा ‘असे वाचनात आले’ एवढाच. त्याला उत्तर म्हणून आलेल्या पत्रात दुसऱ्याच वाचनातले दुसरेच आकडे. मधेच एखादा वाचक विचारतो की या विषयावर वाचावे तरी काय, आणि त्याला ठरलेला सल्ला मिळतो: दोन्ही बाजूंचे एकेक पुस्तक वाचा, सत्य मध्ये कुठेतरी सापडेल. हा सल्ला पटण्यासारखा नाही. दोन चुकीच्या आकड्यांची सरासरी काढून बरोबर आकडा मिळत नाही. लेखक कोणत्या बाजूचा हे जरूर पाहावे, पण त्याआधी पुस्तकाचे साल पाहावे. ते लिहिले गेले तेव्हा कोणती सरकारी दफ्तरे उघडली होती हे त्यावरून कळते आणि या विषयात पुस्तकाची कुवत बरीचशी तिथेच ठरते.

इस्रायलचा अभिलेख कायदा १९५५चा. राजकीय कागद ३० वर्षांनी आणि लष्करी कागद ५० वर्षांनी खुले करायचे असा तिथला सर्वसाधारण नियम होता. पुढे काही गुप्तचर व संरक्षण फायलींची मुदत आधी ७० आणि मग ९० वर्षांपर्यंत वाढवली गेली. म्हणजे इस्रायलच्या स्थापनेच्या वर्षाची, १९४८ची, राजकीय दफ्तरे उघडायला १९७८ उजाडावे लागले. त्याआधीची पुस्तके आठवणी, भाषणे, वर्तमानपत्रे आणि पक्षांच्या प्रचारपुस्तिकांवर उभी आहेत. ती टाकाऊ नाहीत, पण ‘पॅलेस्टिनी निर्वासित का निघाले’ यासारख्या प्रश्नावर त्यांची साक्ष कच्ची धरावी. बेनी मॉरिस, आवी श्लाइम या इतिहासकारांची १९८७-८८च्या सुमाराची पुस्तके गाजली ती या नव्याने उघडलेल्या फायलींमुळे. मॉरिस यांच्या निर्वासितांवरील पुस्तकाची सुधारित आवृत्ती २००४ची. तिच्यात १९९०च्या दशकात उपलब्ध झालेले लष्कराचे आणि हगाना या राज्यस्थापनेआधीच्या ज्यू सशस्त्र संघटनेचे कागद वापरलेले आहेत, जे पहिल्या आवृत्तीच्या वेळी लेखकाला मिळालेच नव्हते. जुनी आवृत्ती वाचून त्यांच्याशी वाद घालणारे बरेच जण १५ वर्षांपूर्वीच्या पुराव्याशी भांडत असतात.

उघडलेली फाईल कायम उघडी राहते असेही नाही. डिसेंबर १९४७ ते जून १९४८ मधल्या अरबांच्या स्थलांतरावर हगानाच्या गुप्तचर विभागाचा एक अहवाल होता. मॉरिस यांनी १९८६ साली त्यावर लेख लिहिला. इस्रायली संरक्षण खात्याच्या सुरक्षा विभागाने हा अहवाल व त्यासारखे इतर कागद पुन्हा बंद करून घेतले, हे ‘हाआरेत्झ’ या इस्रायली दैनिकाने जुलै २०१९मध्ये उघड केले. अशा वेळी जुन्या लेखातली तळटीपच कागदाच्या अस्तित्वाची साक्ष ठरते. म्हणून तळटिपा नसलेले पुस्तक, मग ते कितीही ओघवते असो, संशोधनासाठी बाजूला ठेवावे. आपल्या मराठीत इस्रायलवर जे लिहिले जाते त्यातले बरेचसे युद्धकथा आणि हेरकथा यांतच रमते, आणि तळटिपांशी त्याचे फारसे सख्य नसते.

आत्मचरित्रांनाही हाच नियम लावावा. इस्रायलचे माजी पंतप्रधान यित्झाक राबिन यांच्या आठवणींतला लिद्दा आणि रामले इथल्या अरबांना जुलै १९४८मध्ये बाहेर काढल्याचा मजकूर इस्रायली सेन्सॉरने गाळला होता. तो ऑक्टोबर १९७९मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने छापला. मूळ आवृत्ती तेवढी पाहणाऱ्याला तो प्रसंग दिसणारच नाही.

आता प्रत्यक्ष शोध. ग्रंथालयात गेल्यावर ड्युई पद्धतीच्या ९५६.९४ या क्रमांकाचे कपाट सगळ्यांना सापडते: पॅलेस्टाईन आणि इस्रायलचा इतिहास. पण अरब-इस्रायल युद्धांवरची बरीच पुस्तके ९५६.०४ला असतात, परराष्ट्र धोरण ३२७ला, झायोनिझमची, म्हणजे ज्यू राष्ट्रवादाची, विचारसरणी ३२०.५४ला, निर्वासित ३६२.८७ला आणि जॉर्डन नदीच्या पाण्याचा वाद ३३३.९१ला. एकाच कपाटासमोर उभे राहिले की विषय फक्त युद्धांचा वाटू लागतो, तो त्यामुळेच. लायब्ररी ऑफ काँग्रेसची पद्धत असेल तिथे डीएस ११९.७ हा मुख्य क्रमांक. ब्रिटिश मँडेटसाठी, म्हणजे पॅलेस्टाईनवरच्या १९४८पर्यंतच्या ब्रिटिश अमलासाठी, डीएस १२६, झायोनिझमसाठी डीएस १४९.

ऑनलाइन सूचीत साधा ‘पॅलेस्टाईन’ शब्द टाकला तर हजारो नोंदी अंगावर येतात. त्याऐवजी एक ओळखीचे, चांगले पुस्तक शोधा, त्याच्या नोंदीतले विषयशीर्षक पाहा आणि त्या शीर्षकावर टिचकी मारा. ‘ज्यूइश-अरब रिलेशन्स’, ‘अरब-इस्रायली कॉन्फ्लिक्ट’ आणि ‘इस्रायल-अरब वॉर’च्या पुढे युद्धाचे साल, ही तीन शीर्षके वेगवेगळी पुस्तके बाहेर काढतात. घटनांची नावेही बाजूप्रमाणे बदलतात. १९४८चे युद्ध एकीकडे स्वातंत्र्ययुद्ध, दुसरीकडे नकबा (अरबीत ‘आपत्ती’). १९७३चे एकीकडे योम किप्पूर, दुसरीकडे ऑक्टोबर किंवा रमजान युद्ध. एकाच नावाने शोधले तर यंत्र निमूटपणे एकाच बाजूची पुस्तके समोर ठेवते. अरबी नावांची रोमन लिपीतली स्पेलिंगे हा आणखी वैताग: हुसैनी, दैर यासीन ही नावे तीन-तीन प्रकारे लिहिलेली सापडतात. सगळे प्रकार टाकून पाहावे लागतात, त्याला इलाज नाही.

सुरुवातीला एक दस्तऐवजांसह लिहिलेले पाठ्यपुस्तक घ्यावे. चार्ल्स स्मिथ यांचे अनेक आवृत्त्या निघालेले पुस्तक यासाठी सोयीचे, कारण प्रत्येक प्रकरणाअखेर मूळ कागद दिलेले आहेत. मार्क टेस्लर यांचे जाडजूड आहे, पण संदर्भासाठी उत्तम. सामी अदवान, डॅन बार-ऑन आणि एयाल नावेह यांनी संपादित केलेल्या २०१२च्या पुस्तकात एकाच घटनेची इस्रायली आणि पॅलेस्टिनी हकीकत समोरासमोर छापली आहे. वर्गात शिकवणाऱ्यांनी ते पाहावेच. मात्र पाठ्यपुस्तकावर थांबू नये, कारण मूळ कागदांपैकी बरेच आता घरबसल्या फुकट मिळतात आणि लोक ते उघडत नाहीत, हीच खरी खंत आहे.

मँडेटच्या काळासाठी ब्रिटिश संसदेला सादर झालेल्या कमांड पेपर्सचे क्रमांक वहीत लिहून ठेवावेत. १९२२ची चर्चिल श्वेतपत्रिका १७००. १९२९च्या दंगलींवरचा शॉ आयोग ३५३०. १३३ ज्यू आणि ११६ अरब ठार झाल्याचा आकडा शोधायचा तो इथे. जमीन आणि वसाहतींवरचा होप-सिम्पसन अहवाल ३६८६. फाळणीची पहिली सरकारी शिफारस करणारा १९३७चा पील आयोग ५४७९. १९३९ची श्वेतपत्रिका ६०१९. मॅकमहोन-हुसेन पत्रव्यवहार ५९५७. हा १९१५-१६चा, पण ब्रिटिश सरकारने अधिकृतपणे छापला १९३९मध्ये, जॉर्ज अँटोनियस यांनी आपल्या पुस्तकात तो प्रसिद्ध केल्यानंतर. पील आयोगासमोर बंद दाराआड झालेल्या साक्षी तर २०१७ साली खुल्या झाल्या. त्याआधीच्या बहुतेक पुस्तकांना त्या पूर्ण स्वरूपात ठाऊक नव्हत्या. १९४५-४६मध्ये अँग्लो-अमेरिकन समितीसाठी मँडेट सरकारने तयार केलेली ‘सर्व्हे ऑफ पॅलेस्टाईन’ ही जाडजूड पाहणी जमीन, कर, शेती, लोकसंख्या या सगळ्यांसाठी पहिला आधार. बेरूतच्या इन्स्टिट्यूट फॉर पॅलेस्टाईन स्टडीजने ती पुन्हा छापली आहे.

या छापील अहवालांमागच्या फायली लंडनजवळ क्यू इथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत. वसाहत खात्याचा पॅलेस्टाईनविषयक पत्रव्यवहार सीओ ७३३ या मालिकेत, परराष्ट्र खात्याचा एफओ ३७१मध्ये. ‘डिस्कव्हरी’ ही तिथली सूची घरून पाहता येते. फाईल मात्र बहुतेक वेळा तिथे जाऊन किंवा पैसे भरून प्रत मागवूनच मिळते. चांगल्या लेखकाच्या तळटिपेत मालिका आणि फायलीचा क्रमांक असतो. तो तसाच सूचीत टाकला की फाईल खरोखर आहे का आणि ती कधी खुली झाली, हे दोन मिनिटांत कळते.

संयुक्त राष्ट्रांचे पॅलेस्टाईनविषयक कागद ‘युनिस्पाल’ या संग्रहात आहेत. तिथे शब्दाने नव्हे, दस्तऐवजाच्या क्रमांकाने शोधावे. १९४७च्या विशेष समितीचा अहवाल ए/३६४, फाळणीचा ठराव १८१, निर्वासितांचा १९४, १९६७च्या युद्धानंतरचा सुरक्षा परिषदेचा २४२. ठरावाइतकाच त्या दिवशीच्या बैठकीचा वृत्तान्त मोलाचा असतो: २९ नोव्हेंबर १९४७ची आमसभेची १२८वी बैठक, जिथे ३३ विरुद्ध १३ मते पडली आणि १० देश तटस्थ राहिले. २४२साठी सुरक्षा परिषदेची १३८२वी बैठक. ठराव म्हणजे अनेक देशांना चालेल असा शिजवलेला मजकूर. कोणत्या देशाने तो कोणत्या अर्थाने स्वीकारला हे भाषणांतच कळते.

अमेरिकी परराष्ट्र खात्याच्या ‘फॉरेन रिलेशन्स ऑफ द युनायटेड स्टेट्स’ या मालिकेइतके सोयीचे साधन दुसरे नाही. सगळे खंड खात्याच्या इतिहास विभागाच्या संकेतस्थळावर विनामूल्य आहेत, शब्दशोधासह. १९४८साठी पाचव्या खंडाचा दुसरा भाग, १९६७च्या युद्धासाठी १९६४-६८ मालिकेतला १९वा खंड, १९७३साठी १९६९-७६ मालिकेतला २५वा, १९७८च्या कॅम्प डेव्हिड करारासाठी १९७७-८०चे ८वा आणि ९वा. दोष असा की सगळे जग वॉशिंग्टनच्या खिडकीतून दिसते. कैरोतला राजदूत काय कळवतो हे मिळते. इजिप्तचे अध्यक्ष नासर यांच्या मंत्रिमंडळात काय बोलणे झाले ते मिळत नाही.

आणि इथेच या सगळ्या अभ्यासातली मोठी खोट आहे. इजिप्त, सीरिया, इराक, जॉर्डन यांनी आपली युद्धकाळातली सरकारी दफ्तरे पद्धतशीरपणे खुली केलेली नाहीत. पॅलेस्टिनींना राज्यच नव्हते, त्यामुळे सरकारी दफ्तरखानाही नव्हता. पॅलेस्टाईन मुक्ती संघटनेने १९६५मध्ये बेरूतला संशोधन केंद्र काढले. १९८२मध्ये इस्रायली सैन्याने त्याचा संग्रह उचलून नेला, १९८३च्या कैद्यांच्या अदलाबदलीत तो परत मिळाला आणि अल्जीरियात गेला. परिणामी अरब निर्णयांचा इतिहासही बराचसा इस्रायली, ब्रिटिश आणि अमेरिकी कागदांवरून लिहिला जातो. वाचताना ‘अरब नेत्यांनी ठरवले’ असे वाक्य आले की तळटीप पाहावी; ती बहुधा एखाद्या ब्रिटिश राजदूताच्या तारेकडे किंवा इस्रायली गुप्तवार्तेकडे नेते.

ही उणीव थोडीफार भरून काढता येते. त्या काळची अरबी वर्तमानपत्रे, म्हणजे याफ्याचे १९११पासूनचे ‘फलस्तीन’, हैफाचे ‘अल-करमिल’, ही इस्रायलच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या ‘जरायेद’ संग्रहात पाहता येतात. त्याच ग्रंथालयाच्या ज्यू वृत्तपत्रसंग्रहात ‘दावार’ आणि इंग्रजी ‘पॅलेस्टाईन पोस्ट’ आहेत. ‘पोस्ट’ इंग्रजीत असल्याने सगळे त्याच्यावरच तुटून पडतात आणि नकळत एका पक्षाचे वार्ताहर बनतात. वालिद खालिदी यांच्या संपादनाखालील १९९२च्या ग्रंथात उद्ध्वस्त झालेल्या ४१८ गावांची गाववार नोंद आहे; गावाच्या नावावरून शोधायचे तर सुरुवात तिथून. मँडेटकालीन नकाशे ‘पॅलेस्टाईन ओपन मॅप्स’वर आजच्या नकाशावर ठेवून पाहता येतात. ‘जर्नल ऑफ पॅलेस्टाईन स्टडीज’ १९७१पासूनचे. त्याच संस्थेचे ‘जेरुसलेम क्वार्टर्ली’ विनामूल्य आहे. समोर ‘इस्रायल स्टडीज’ आणि ‘मिडल ईस्टर्न स्टडीज’ ठेवावीत. अरब देशांतून निघालेल्या ज्यूंचा विषय या सगळ्यांत दुर्लक्षित राहतो. त्यासाठी २००३मध्ये बगदादच्या गुप्तचर मुख्यालयाच्या तळघरात भिजलेले सापडलेले इराकी ज्यूंचे कागद अमेरिकी राष्ट्रीय अभिलेखागाराने दुरुस्त करून ऑनलाइन ठेवले आहेत.

एवढे सगळे पाहून गडबडून जाण्यापेक्षा एक अरुंद प्रश्न घ्यावा. उदाहरणार्थ: एप्रिल १९४८मध्ये हैफाचे अरब का गेले? शहरात सुमारे ७० हजार अरब होते, मेच्या सुरुवातीला तीन-चार हजार उरले. ‘अरब रेडिओने निघून जा सांगितले’ हे उत्तर वर्षानुवर्षे दिले गेले. अर्स्किन चिल्डर्स यांनी बीबीसीने टिपून ठेवलेल्या अरब प्रसारणांच्या नोंदी तपासल्या आणि असा एकही आदेश सापडला नाही असे १९६१मध्ये ‘स्पेक्टेटर’मध्ये लिहिले. पण म्हणून ‘सगळ्यांना बंदुकीच्या धाकाने हाकलले’ हे हैफापुरते सिद्ध होत नाही. हगानाचा हल्ला आणि तोफमारा होता. जनरल स्टॉकवेल यांनी ब्रिटिश सैन्य आधीच मागे घेतले होते. स्थानिक अरब नेत्यांनी शरणागतीच्या अटी नाकारून लोकांना बाहेर काढण्याची परवानगी मागितली. ज्यू महापौर शबताई लेवी यांनी राहा म्हणून विनवले. इतिहासकारांपैकी एफ्राइम कार्श अरब नेतृत्वाच्या आदेशांवर भर देतात, वालिद खालिदी हल्ल्यावर. स्टॉकवेल यांचे कागद लंडनच्या किंग्ज कॉलेजातील लिडेल हार्ट लष्करी संग्रहात आहेत, हैफातल्या अमेरिकी वाणिज्यदूताच्या तारा वॉशिंग्टनला. या एका शहराचा कागद लावून झाला की लिद्दाची कथा वेगळी का, हेही समजू लागते, आणि ‘सगळीकडे एकच घडले’ म्हणणारे पुस्तक लगेच ओळखू येते.

अवतरणांबाबत जास्तच सावध राहावे लागते. अरब लीगचे सचिव अझ्झाम पाशा यांचे ‘संहाराचे युद्ध’ हे वाक्य असंख्य पुस्तकांत १५ मे १९४८च्या तारखेने येते. मूळ सापडले ते कैरोच्या ‘अखबार अल-यौम’च्या ११ ऑक्टोबर १९४७च्या अंकातल्या मुलाखतीत, आणि तिथे आधी ‘ज्यूंनी आम्हाला या युद्धात ढकलू नये’ अशी इच्छा व्यक्त केलेली आहे. दुसऱ्या बाजूला, पुढे इस्रायलचे पहिले पंतप्रधान झालेल्या बेन-गुरियन यांनी ५ ऑक्टोबर १९३७ला मुलाला लिहिलेले पत्र. अरबांना हुसकावण्याबद्दलचे त्यातले वाक्य दोन परस्परविरोधी रूपांत उद्धृत होते, कारण मूळ हस्तलिखितात त्याच जागी खाडाखोड आहे. दोन्ही वाक्ये वापरणाऱ्याने तारीख आणि मूळ जागा दिली नसेल तर ती सोडून द्यावीत.

आकड्यांचेही तसेच. जेरुसलेमजवळच्या दैर यासीन गावात ९ एप्रिल १९४८ला २५४ जण मारले गेले असे त्या वेळी जाहीर झाले आणि ४० वर्षे छापले गेले. १९८७मध्ये बीरझैत विद्यापीठाच्या अभ्यासकांनी बचावलेल्या लोकांकडून नावे गोळा केली तेव्हा आकडा सुमारे १०७ आला. म्हणजे पॅलेस्टिनी संशोधनानेच तो खाली आणला, हे लक्षात घ्यावे. निर्वासितांची संख्या ५ लाख २० हजार ते ९ लाख अशी फिरते. इस्रायली सरकारचा आकडा खालचा, अरबांचा वरचा, संयुक्त राष्ट्रांच्या पाहणीचा ७ लाख २६ हजार. मतदारयादीसारखी मोजणी झालेलीच नव्हती. शिधापत्रिकांवरून अंदाज बांधले गेले. शिवाय ‘उनरवा’ या संयुक्त राष्ट्रांच्या पॅलेस्टिनी निर्वासितांसाठीच्या संस्थेची व्याख्या वेगळी: १ जून १९४६ ते १५ मे १९४८ या काळात पॅलेस्टाईनमध्ये राहणारा आणि युद्धाने घर व उपजीविका दोन्ही गमावलेला.

आजच्या लोकसंख्येतही खड्डा आहे. इस्रायलचे सांख्यिकी खाते पूर्व जेरुसलेममधल्या पॅलेस्टिनींना आपल्यात धरते, रामल्लाचे सांख्यिकी खातेही धरते. दोन्ही तक्ते बेरजेला लावले की तीन लाखांहून अधिक माणसे दोनदा मोजली जातात. ‘नदीपासून समुद्रापर्यंत’च्या बेरजा करणारे लेख या एकाच जागी घसरतात.

१९९३च्या ऑस्लो करारानंतरच्या काळाचे दफ्तर अजून फारसे उघडलेले नाही, म्हणून आठवणी आणि फुटलेले कागद यांवर भिस्त. जुलै २०००च्या कॅम्प डेव्हिड चर्चेचे सर्वमान्य अधिकृत टिपण नाही. तिथे हजर असलेल्यांच्या हकीकती एकमेकींना छेद देतात. २०११मध्ये ‘अल जझीरा’ने बाहेर काढलेले दीड हजारांहून अधिक पॅलेस्टिनी वाटाघाटींचे कागद हा त्यातल्या त्यात ठोस आधार, तोही एकाच बाजूच्या टिपणांचा. धोरणविषयक अभ्यासमंडळांच्या (थिंक टँकच्या) अहवालांत पैसा कोणाचा हे पहिल्या पानाआधी शोधावे. अरबी माध्यमांतला मजकूर भाषांतरित करणाऱ्या ‘मेम्री’ या संस्थेची भाषांतरे सहसा नेमकी असतात, काय निवडायचे हे मात्र तेच ठरवतात. आंतरराष्ट्रीय न्यायालयाची ९ जुलै २००४ आणि १९ जुलै २०२४ची सल्लागार मते, सोबतच्या असहमतीच्या मतांसह, पूर्ण वाचायला मिळतात. बातमीवरून त्यांच्याबद्दल लिहू नये. विकिपीडियाचे या विषयावरचे इंग्रजी लेख नवख्यांना संपादनासाठी बंद असतात, तरी वापरायच्या त्या खालच्या तळटिपाच. संगणकाने तयार करून दिलेली संदर्भयादी आली तर प्रत्येक नाव वर्ल्डकॅट या जागतिक ग्रंथसूचीवर तपासावे. अस्तित्वातच नसलेली पुस्तके तीत आरामात बसलेली असतात.

भारताच्या भूमिकेवर लिहिणाऱ्यांसाठी एक सुचवणी. गांधीजींचा लेख २६ नोव्हेंबर १९३८च्या ‘हरिजन’मध्ये आहे, त्यातली एकच ओळ फिरवली जाते, संपूर्ण लेख समग्र वाङ्मयात आहे. १९४७च्या विशेष समितीत भारताचे सर अब्दुर रहमान होते. भारत, इराण आणि युगोस्लाव्हिया यांनी फाळणीऐवजी संघराज्य सुचवले, आणि रहमान यांचे स्वतंत्र टिपण ए/३६४च्या दुसऱ्या खंडात आहे. १९५०च्या मान्यतेपासून १९९२च्या राजनैतिक संबंधांपर्यंतचा काळ शोधायचा तर राष्ट्रीय अभिलेखागाराच्या ‘अभिलेख पटल’वर परराष्ट्र खात्याच्या फायलींच्या नोंदी पाहाव्यात.

आपल्याला एकच विनंती: या विषयावरील पत्रात आकडा किंवा अवतरण असेल तर पुस्तकाची आवृत्ती, साल आणि पान मागून घ्यावे व पत्रासोबत छापावे. अर्धी ओळ लागेल.

आपला,
एक वाचक